तुझ्या बिनछपराच्या दोन खोल्या

आत्या, मागच्या आठवड्यात सोलापूरची तुझी भाड्याची खोली रिकामी करून दिली. तू गेल्यावर पुण्यानुमोदनाचा कार्यक्रम होईपर्यंत घरमालकीणबाईंनी खोलीचा विषय काढला नाही. नंतर काढला, तोही डोळे पुसून. "सुजाता, महिनाअखेर आलीय बघ," एवढंच म्हणाल्या. मी टेम्पो बोलावला. तुझी लोखंडी कॉट, ज्वारीचे डबे, परात, भाकऱ्या वाळत घालायची धुतलेली धोतरं, कपड्यांची एक पेटी. टेम्पोवाल्यानं आत डोकावून विचारलं, "एवढंच का, म्याडम?" मी हो म्हणाले. टेम्पो अर्धासुद्धा भरला नाही.

तवा मी कुर्डुवाडीला माझ्या घरी घेऊन आले. तुझ्यासारखी कडक भाकरी मला येत नाही, आणि आता शिकवणारंही कुणी नाही. तरी तो देऊन टाकवला नाही. शाळेतून घरी आले की कुलूप काढता काढताच तुला फोन करायचाय, असं मनात येतं, आणि आत ओट्यावर तो दिसतो. किल्ली हातातच राहते.

आयुष्यभर तू दुसऱ्यांच्या खोल्यांत राहिलीस. तुझ्या स्वतःच्या दोन खोल्या विजापूर रोडच्या पलीकडच्या माळावर लिंटेलपर्यंत, म्हणजे दारा-खिडक्यांच्या माथ्यापर्यंत, येऊन उभ्या आहेत. वर ना पत्रा, ना स्लॅब. कोर्टाचा मनाई हुकूम आला आणि त्या होत्या तिथंच थांबल्या. जागा तुझी की राजेशम अण्णांची, याचा दावा चालू राहिला, आणि तो चालू असतानाच तू गेलीस. त्या खोल्यांचं काय करायचं, हे तू कोर्टाच्या पुढच्या तारखेला सांगणार होतीस. ते न सांगता गेलीस. म्हणून हे लिहितेय. दुसरं कुणाला विचारणार?

दहावी झाल्यावर मला मंद्रूपहून सोलापूरला तू आणलंस. माझे वडील, दादा, म्हणत होते, "बारावी हितंच करू दे की." तू त्यांची धाकटी बहीण असून त्यांना लहान भावासारखं झापलंस. "गावात ऱ्हायली तर तिला खुरपं दिसंल, कॉलेज न्हाई दिसायचं." दादांनी माझ्याकडं बघितलं, मग माझ्या हातातल्या खुरप्याकडं बघितलं, आणि विषय संपला. आपल्या घरात तोवर कुणी कॉलेजची पायरी चढलं नव्हतं. तूही नाही. कॉलेज म्हणजे काय असतं हे न बघताच तू माझ्यासाठी भांडलीस.

त्या खोलीत तू पहाटे चूल पेटवायचीस आणि मी भिंतीला टेकून वाचायचे. तुझ्या भाकऱ्या दुकानांत जायच्या, कुठं कुठं पुण्या-मुंबईच्या पाहुण्यांच्या पिशव्यांतून जायच्या. पीठ मळायला पाणी लागतं, परात धुवायला पाणी लागतं, आणि नळाला पाणी चार-पाच दिवसांनी यायचं. आलं की आधी मालकीणबाई, मग वरचे भाडेकरू, मग आपण. कधी कधी आपली पाळी येईपर्यंत नळ सुं सुं करायला लागायचा. तू घागर तशीच उचलून आत आणायचीस आणि म्हणायचीस, "सुजे, आपला सोताचा नळ पायजे गं." लोकांना बंगला हवा असतो. तुला नळ हवा होता.

त्या नळासाठी तू तो प्लॉट घेतलास. एका माणसानं माळावर पांढऱ्या फक्कीच्या रेघा मारून, दगड रोवून गुंठा गुंठा जमीन विकायला काढली होती. एवढ्या लहान तुकड्याची रीतसर नोंदणी होत नव्हती, म्हणून सगळ्यांना नोटरीपुढं विक्रीचा करार, म्हणजे साठेखत, करून मिळालं. तुझ्यासारखंच साठेखत, त्याच नंबरच्या प्लॉटचं, त्याच माणसानं राजेशम अण्णांनाही दिलं होतं. ते पॉवरलूमवर चादरी विणायचे आणि तुझ्यासारखेच भाड्यानं राहायचे. घरात तेलुगू, बाहेर त्यांचं ते मराठी. तुला त्यांचं माहीत नव्हतं, त्यांना तुझं माहीत नव्हतं. विकणारा गाव सोडून गेला आणि तुम्ही दोघं एकमेकांसमोर उरलात.

हुकूम घेऊन बेलिफ आला तो दिवस मला स्वच्छ आठवतो. भिंती आदल्याच आठवड्यात लिंटेलला लागल्या होत्या. मिस्त्री बिडी ओढत बसला होता आणि तू त्याला उशीर करतोय म्हणून बोलत होतीस. बेलिफानं कागद पुढं केला. तू हात पदराला पुसलेस, पण कागद घेतला नाहीस. "सुजे, वाच."

मी वाचला. कॉलेजात जाऊन पहिल्यांदा मी काहीतरी असं वाचलं, ज्याची कुणाला तरी खरोखर गरज होती.

"काय म्हंतोय?"

"बांधकाम बंद करायचं. जागेत काही बदल करायचा नाही."

"कुणी सांगितलं?"

"कोर्टानं. राजेशम म्हणून कुणी आहेत, त्यांनी दावा लावलाय. ते वादी आणि तू प्रतिवादी."

"मी काय केलं?"

"काही नाही केलंस. ज्याच्यावर दावा लागतो त्याला प्रतिवादी म्हणतात."

"म्हंजे आधी नाव ठिवायचं आन मग इचारायचं व्हय!"

बेलिफसुद्धा हसला. मिस्त्रीनं मात्र थापी धुवायला घेतली. त्याला कळलं होतं.

दुसऱ्या दिवशी सकाळी तू घागरी घेऊन पुन्हा माळावर गेलीस. वीटकाम ताजं होतं. ताज्या भिंतीला रोज पाणी मारलं नाही तर सिमेंट धरत नाही, हे मिस्त्रीनं तुला पहिल्याच दिवशी सांगितलं होतं, आणि तू ते काम कुणावर सोडलं नव्हतंस. पलीकडच्या ढाब्याच्या बोअरचं पाणी, दोन घागरी, वर तांब्यानं शिंपायचं. हुकूम विटांवर आहे, पाण्यावर नाही, असं तुला अगदी मनापासून वाटत होतं. मलाही तसंच वाटलं, हे सांगून ठेवते. मी वाचलेल्या कागदात पाण्याचं नाव कुठंच नव्हतं.

अण्णांच्या वकिलांनी फोटो दाखल केले. ओल्या भिंती, हातात घागर, आणि तू. कोर्टाचा हुकूम मोडून काम चालू ठेवल्याबद्दल तुला शिक्षा व्हावी, असा अर्ज. न्यायाधीश साहेबांनी तुला पुढं बोलावलं तेव्हा मी मागच्या बाकावर होते.

"हुकूम कळला होता ना तुम्हाला?"

"व्हय साहेब. माझ्या भाचीनं वाचून दाखिवला."

"मग काम का चालू ठेवलं?"

"काम न्हाई केलं साहेब. नुसतं पाणी मारलं."

"पाणी मारणं म्हणजे बांधकामच की," अण्णांचे वकील मध्येच म्हणाले.

तू त्यांच्याकडं वळलीस. "तुमी कधी घर बांधलंय का, साहेब?"

सगळं कोर्ट हसलं. साहेबांनी मान खाली घालून काहीतरी लिहिल्यासारखं केलं आणि मग म्हणाले, "बाई, उत्तर मला द्या, त्यांना नको."

"केस चालू दे की साहेब. भिंतीला कळतंय व्हय केस हाय म्हणून?"

साहेब रागावले नाहीत. तुझं म्हणणं कळतंय, पण हुकूम म्हणजे हुकूम, असं त्यांनी समजावून सांगितलं. त्या जागेवर काहीच करायचं नाही, पाणीसुद्धा नाही. लेखी हमी दे, म्हणजे शिक्षा नको. मी शिकवलेली सही तू त्या हमीवर केलीस. दिवस उन्हाळ्याचे होते. सोलापूरचं ऊन ताज्या भिंतीचं काय करतं, ते आपल्या दोघींनाही कळत होतं, आणि परत येताना दोघीही रिक्षातून बाहेर बघत बसलो.

पुढच्या काही तारखा तू आणि अण्णा पाठीला पाठ लावून बसायचात. कोर्टाबाहेरचा एकच कट्टा, एकच लिंबाचं झाड, आणि मध्ये मी. मग एकदा अण्णा उठून तुझ्यासमोर येऊन उभे राहिले. सडपातळ माणूस, शर्टाच्या खिशात चष्मा, केसांत कापसाचे बारीक तंतू.

"अक्का, एक बोलायचंय."

"वकिलाला बोल."

"वकिलाला बोलण्यासारखं नाही. तुम्ही बंद केल्यावर पाणी मी मारलो. संध्याकाळी जाऊन. मी आणि माझी बायको."

तू त्यांच्याकडं बघतच राहिलीस. "का?"

"बायको बोलली, भांडण जागेचं हाय, भिंतीनं काय केलं? उद्या जागा आपल्याला आली तर भिंत पण आपलीच येणार."

"म्हंजे मी बांधायची आन तू ऱ्हायचं!"

"मी नाही तर तुम्ही राहणार. कोणीतरी राहणारच की, अक्का."

"आन माझ्यावर फोटू लावलंस ते?"

"ते वकिलानं लावलं. मी नको बोललो होतो. ऐकलं नाही."

"मग आता मी तुझं फोटू काढून देऊ का कोर्टात?"

अण्णा हसले. तू हसली नाहीस, पण पिशवीतून भाकरीची चवड काढलीस, वर शेंगाचटणी टाकलीस आणि पुढं केलीस. अण्णा मागं सरकले. "वकील बोलला, समोरच्या पार्टीशी बोलायचं नाही."

"मग बोलू नगं. खा."

त्यानंतर तारखेच्या दिवशी तू भाकऱ्या जास्त घ्यायचीस. अण्णांच्या घरून लसणाचं लोणचं यायचं. आत तुमचे वकील एकमेकांवर तुटून पडायचे आणि बाहेर तुम्ही साहेब रजेवर आहेत का याची चौकशी करत बसायचात. एकदा रजेचं आधीच कळूनही अण्णांनी तुला कळवलं नाही म्हणून तू त्यांना असं काही बोललीस की शेजारच्या दाव्यातली माणसं बघायला लागली. "एक फोन केला असतास तर माझी अर्धी परात वाया गेली नसती!" त्यांनी मान खाली घालून ऐकून घेतलं आणि म्हणाले, "पण अक्का, फोन केला असता तर मला भाकरी मिळाली नसती."

मात्र जागेवरचा हक्क दोघांपैकी एकानंही सोडला नाही. हे मी लोकांना सांगते तेव्हा त्यांना समजत नाही. भाकरी वाटून खाणारे लोक जागा का वाटून घेत नाहीत, असं विचारतात. मीही तुला तेच विचारायचे.

मी बी.ए. झाले, बी.एड. झाले, कुर्डुवाडीच्या शाळेत लागले. रुजू व्हायच्या दिवशी तू माझ्याबरोबर आलीस आणि मुख्याध्यापकांना न विचारता सांगितलंस, "हिला कोर्टाचं कागद वाचून वाचून सवय लागलीय. पोरांस्नी नीट शिकविल बघा." ते अजून स्टाफरूममध्ये ते वाक्य सांगतात. मी वर्गात फळ्यापुढं उभी राहते त्याच्या मुळाशी तुझी चूल आहे, हे मला ठाऊक आहे. तुलाही ठाऊक होतं, पण त्याचा उच्चार तू कधी केला नाहीस. उपकार केल्याची खूण तू कुठंच ठेवली नाहीस, म्हणून फेडायला जागाही ठेवली नाहीस.

मला फेडायचं होतं. म्हणून लग्नानंतर मी तुझ्यामागं लागले, ती केस सोड, माझ्याकडं चल. तू आलीस, थोडे दिवस राहिलीस आणि भाकऱ्यांच्या ऑर्डरी आहेत म्हणून परत निघालीस.

"तुझ्या घरी मी पाहुणी, सुजे. जावई चांगला हाय, न्हाई म्हणत न्हाई. पर मला फ्रीज उघडायला इचारावं लागतं."

"कोण म्हणतं विचार म्हणून?"

"कोण न्हाई म्हणत. मीच इचारते."



गेल्या वर्षी तडजोडीची गोष्ट निघाली. साहेबांनीच सुचवलं, वकिलांनी नकाशा काढला. प्लॉटचे दोन भाग, एकेक खोली एकेकाकडं. पुढची अण्णांची, मागची तुझी. अण्णांनी तिथंच हो म्हटलं. तू वेळ मागितलास. मी दर रविवारी फोनवर तेच दळण दळायचे. घे अर्धं आणि मोकळी हो, हातपाय चालतायत तोवर स्वतःच्या घरात राहा.

"अर्धं घेतलं म्हंजे माझं अर्धं खोटं व्हतं असं हुतंय," तू म्हणायचीस.

"तसं होत नाही, आत्या."

"मग कसं हुतंय?"

मी तुझ्या वयाचं, तब्येतीचं बोलायचे. तू विचारलेल्या प्रश्नाचं ते उत्तर नव्हतं.

शेवटच्या रविवारी मी पुन्हा विचारलं तेव्हा तुझा आवाज वेगळा वाटला. चिडलेला नव्हता. "बघू की," तू म्हणालीस. "तारखेला सांगते. अण्णाला बी तितंच सांगते. तुला पेपर तपासायचं असत्याल, ठेव आता." मी ठेवला. त्या तारखेच्या आधीच तू गेलीस.

ते "बघू की" मी इतक्या वेळा आठवलंय की आता त्यातला तुझा आवाज झिजत चाललाय. कधी त्यात होकार ऐकू येतो. कधी वाटतं, मला गप्प करायला म्हणालीस. घरात कुणाशी हे बोलता येत नाही. यांना वाटतं मी जागेचा विचार करतेय. मी तुझ्या दोन शब्दांचा विचार करत असते.

पुण्यानुमोदनाला अण्णा आले होते. पांढरा शर्ट घालून, हातात फुलं घेऊन मागच्या रांगेत बसले. बुद्धवंदना चालली होती तेव्हा सगळ्यांकडं बघत बघत हात जोडत होते. दादांनी मला विचारलं, "त्यो कोण गं?"

"राजेशम अण्णा. आत्याच्या केसमधले."

"दावा लावला त्यो?" दादांचा आवाज चढला. "ह्याच्यापायी माझी भैन बिनछपराची गेली. आन तू त्याला च्या देतीस व्हय?"

अण्णांना ऐकू गेलं. सगळ्यांनाच गेलं. त्यांनी कप खाली ठेवला, तुझ्या फोटोपुढं फुलं वाहिली आणि दादांनाही नमस्कार करून निघून गेले. मी दारापर्यंत गेले, पण तोवर ते गल्लीच्या टोकाला पोचले होते. दादा कोपऱ्यात बसून रडत होते. त्यांचं चुकलं असं मला म्हणवलं नाही. अण्णांचं चुकलं असंही म्हणवलं नाही.

मग तारीख आली. तू मृत्युपत्र माझ्यादेखत माझ्या नावानं केलं होतंस, तेव्हा मी "हे कशाला" म्हणून भांडले होते. वकीलसाहेबांनी ते आणि तुझा मृत्यूचा दाखला दाखल केला आणि प्रतिवादी म्हणून तुझ्या जागी माझं नाव लागलं. बाहेर आल्यावर त्यांनी मला बाजूला घेतलं. "तुमच्या आत्यांची साक्ष व्हायची राहिली. व्यवहार कुणासमोर झाला, ताबा कसा मिळाला, हे सगळं त्यांनाच ठाऊक होतं. समोरच्यांनी आता केस पुढं रेटली, तर आपल्याला जड जाईल." म्हणजे अण्णा आता तडजोड कशाला करतील, असा त्याचा अर्थ होता.

कट्ट्यावर अण्णा एकटे बसले होते. मी शेजारी बसले. दोघांकडंही खायला काही नव्हतं.

"ताई," ते म्हणाले, "माझा वकील बोलतो, आता तडजोड नको. थांबलो तर सगळा प्लॉट येतो."

"मग काय ठरवलंत?"

"अक्काला मी अर्धं बोललो होतो. अक्का होती तेव्हा अर्धं, आणि अक्का गेली म्हणून सगळं? असं कसं?" त्यांनी चष्मा काढून पुसला. "तुम्ही नाही बोललात तरी राग नाही. केस चालू राहील. मी येतो तारखेला. पण आता हितं यायला नको वाटतं."

मी दादांना फोन लावला. त्यांना सगळं सांगितलं. ते ऐकत होते, मागं शेळ्या ओरडत होत्या.

"तिनं व्हय म्हणलं व्हतं का?"

"नाही."

"न्हाई म्हणलं व्हतं का?"

"आधी म्हणायची. शेवटी नाही म्हणाली. तारखेला सांगते म्हणाली."

दादा म्हणाले, "तुझं तू बघ. तिनं तुला शिकिवलं ते कशाला?" आणि फोन ठेवला. त्यात राग होता की परवानगी, तेही मला कळलं नाही. तुम्ही दोघं बहीणभाऊ सारखेच.

सोमवारी लोकअदालत होती. तडजोडीचा कागद समोर ठेवून साहेबांनी आधी अण्णांना विचारलं, मग मला. "यातला मजकूर वाचलात? तडजोड तुम्हाला मान्य आहे? कुणाच्या दबावाखाली नाही ना?"

आत्या, इतकी वर्षं मी याच बाजूनं भांडले. तू नाही म्हणायचीस, मी हो म्हणायचे. त्या दिवशी हो म्हणायची वेळ आली आणि समोर नाही म्हणणारं कुणी नव्हतं. मी मागं वळून बाकाकडं बघितलं. खरंच बघितलं. तिथं एक म्हातारे गृहस्थ डुलक्या घेत होते. साहेबांनी पुन्हा विचारलं, "बाई, काही दबाव आहे का?"

"नाही," मी म्हणाले. "मान्य आहे."

एक सांगते. तुझं अर्धं खोटं होतं म्हणून मी सही केलेली नाही. तुझं पूर्ण खरं होतं. त्यांचंही पूर्ण खरं होतं. जागा तेवढी एकच होती. हे मला तुला रविवारी फोनवर सांगता यायला हवं होतं. तू "मग कसं हुतंय?" विचारायचीस तेव्हा हे सुचलं नाही, आणि आता सुचून तुला काय?

कागदावर तुझ्या नावाआधी "मयत" लिहिलं होतं. मी कोर्टाचे एवढे कागद वाचले, तो शब्दही कितीदा वाचला. तुझ्या नावाला लागलेला तो बघितला तेव्हा मात्र मला पुढची ओळ दिसेना. कारकुनानं बोट ठेवून दाखवलं, इथं सही करा. हुकूम उठला. एवढा मोठा हुकूम, उठताना काही आवाज झाला नाही.

काल आम्ही माळावर गेलो. मी, अण्णा, त्यांची बायको आणि त्यांनी आणलेला मिस्त्री. दादांना यायला सांगितलं होतं, ते आले नाहीत. तुझ्या खोल्यांत मेंढरं बसून गेली होती, लेंड्या पडल्या होत्या. अण्णांच्या बायकोनं सोबत आणलेला खराटा उचलला आणि आधी तुझी खोली झाडायला घेतली. मी "असू द्या" म्हणाले. त्यांनी तेलुगूत काहीतरी म्हटलं आणि झाडतच राहिल्या.

मिस्त्रीनं टेप धरला. पुढच्या खोलीतून मागच्या खोलीत जायची वाट आता विटांनी बुजवायची. म्हणजे तुझ्या खोलीला बाहेरून जायला वाटच उरत नाही. नवीन दार पाडावं लागणार.

"दार कुणीकडं ठेवायचं, ताई?" अण्णांनी विचारलं.

मी त्या खोलीच्या मधोमध उभी राहिले. एक भिंत बाजूनं जाणाऱ्या रस्त्याकडची. एक बोळाकडची, शेजारच्या नव्या घरांच्या समोर. एक मोकळ्या माळाकडं, तिथून वारा येतो. आत्या, तू काम झाल्यावर कुठं बसली असतीस? येणारी-जाणारी माणसं बघत, की शेजारणीशी बोलत, की सगळ्यांकडं पाठ करून? इतकी वर्षं मी तुझ्याशी या घरावरून भांडले. घे, सोड, वाट, नको वाटूस. तुला कुठं बसायचंय, हे एकदाही विचारायचं सुचलं नाही. सुचणार कसं, तुझं घर व्हायच्या आत आपलं भांडणच चालू होतं.

"सांगा ताई, खूण करायची हाय," मिस्त्री म्हणाला.

अण्णा माझ्याकडं बघत होते. त्यांनाही ठाऊक नव्हतं. इतक्या तारखा ते तुझ्या शेजारी बसले, त्यांनीही तुला हे विचारलं नव्हतं. वर उघडं आभाळ होतं आणि खराट्याचा आवाज तेवढा येत होता.

मी रस्त्याकडच्या भिंतीवर हात ठेवला. "इथं."

मिस्त्रीनं माझ्या हाताच्या दोन्ही बाजूंना खडूनं रेघा ओढल्या. चुकलं असेल, आत्या. पण ते सांगायला आता तू नाहीस, आणि उद्यापासून तिथली भिंत फोडायला घेणार आहेत.